कार्ड वेगळं आणि धान्य वेगळं

प्रिय शकू,

परवा फोनवर तुझं बोलणं ऐकलं आणि तेव्हापासून मन तिकडेच लागून आहे. दाजींच्या पायाचं ऑपरेशन झालं हे बरंच झालं, पण टेम्पोवर परत कधी बसता येईल हे डॉक्टरही सांगत नाहीत म्हणालीस. ब्लाऊज शिवून तू चार माणसांचं घर ओढते आहेस. रेशनचा विषय मी काढला तर तू गप्प झालीस, मग म्हणालीस, "त्या लाइनीत उभं राहायचं म्हणजे कसंतरी वाटतं गं." फोनवर हे सगळं नीट सांगून झालं नसतं, म्हणून निवांत बसून लिहिते आहे. पत्र जपून ठेव, कार्यालयात जाताना पिशवीत असू दे.

आधी त्या कसंतरी वाटण्याबद्दल. आपल्या आयांनी १९७२ च्या दुष्काळात मिलोच्या, म्हणजे परदेशातून आलेल्या लाल ज्वारीच्या, भाकरी खाल्ल्या, खडी फोडायच्या कामावर सुकडी घेतली, आणि त्यावर आपली घरं तगली. तेव्हा ती सरकारची मदत होती, मिळेल तेवढी, मिळेल तेव्हा. आज तसं नाही. २०१३ साली राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा झाला आणि धान्य हा हक्क झाला, वीजबिल भरल्यावर वीज मिळावी इतका साधा. प्राधान्य कुटुंबातल्या प्रत्येक माणसामागे महिन्याला ५ किलो आणि अंत्योदय, म्हणजे गरिबातल्या गरीब घरांच्या, कार्डावर घरटी ३५ किलो, असं कायद्यातच लिहिलं आहे. पूर्वी तांदळाला ३ आणि गव्हाला २ रुपये किलो द्यावे लागायचे. जानेवारी २०२३ पासून तेही नाहीत, आणि २०२४ पासून पुढची पाच वर्षं धान्य मोफतच ठेवायचं केंद्राने ठरवलं आहे. म्हणजे तुझ्या चार माणसांचं महिन्याला २० किलो धान्य. शकू, घरात २० किलो आलं की तेवढ्या पैशांत दाजींची औषधं बसतात. त्यात कमीपणा कसला?

आता मुख्य गोष्ट. इथे आमच्याकडे मी बायकांचे अर्ज भरून देते, तेव्हा पुन्हा पुन्हा एकच प्रकार दिसतो. बाई कार्ड हातात आलं म्हणून आनंदाने घरी जाते, पहिल्या तारखेला दुकानात जाते आणि दुकानदार म्हणतो, "ताई, तुमचं धान्य सुरू नाही." तिला वाटतं दुकानदारच फसवतो आहे. बहुतेक वेळा तसं नसतं. कार्ड मिळणं वेगळं आणि धान्य सुरू होणं वेगळं. आपल्याकडे १९९९ पासून पिवळं, केशरी, पांढरं अशी तीन रंगांची कार्डं आहेत. रंग उत्पन्नावर ठरतो, पण धान्य नुसत्या रंगावर मिळत नाही. केशरी कार्डवाल्यांत काही कुटुंबं अन्न सुरक्षा यादीत आहेत, काही नाहीत. यादीत असलेल्यांच्या कार्डावर "प्राधान्य कुटुंब" असा शिक्का असतो आणि त्यांची नावं ऑनलाइन असतात. शिक्का नाही, ऑनलाइन नाव नाही, तर कार्ड नुसतं कागद म्हणून राहतं. तेव्हा अर्ज करताना "मला कार्ड पाहिजे" एवढंच म्हणून थांबायचं नाही. "अन्न सुरक्षा योजनेत नाव समाविष्ट करून धान्य चालू करून मिळावं" असं स्पष्ट लिहायचं.

यादी अशी मर्यादित का, तर इष्टांक. तहसीलमध्ये हा शब्द तुझ्या कानावर पडेलच. राज्याला केंद्राने एक आकडा ठरवून दिला आहे, साधारण ७ कोटी माणसांचा, आणि तो २०११ च्या जनगणनेवरून काढलेला आहे. त्यानंतर शहरांतली माणसं किती वाढली! २०२१ मध्ये व्हायची जनगणना वेळेवर झालीच नाही, आकडा जिथल्या तिथे. त्यामुळे एखाद्या भागात इष्टांक भरला की नवीन गरजू कुटुंबाला "जागा नाही" असं ऐकावं लागतं. मला याचा मनापासून राग येतो. पण जागा कधीच होत नाही असं नाही. लग्न होऊन गेलेल्या मुली, मयत माणसं, दुबार नावं कमी होतात, उत्पन्न वाढलेली घरं बाहेर पडतात आणि मग जागा होते. ज्याचा अर्ज आधीच कार्यालयात पडलेला आहे आणि जो विचारत राहतो, त्याला ती मिळण्याची शक्यता जास्त.

तुझ्या बाबतीत मात्र एक सोपी वाट आहे आणि ती आधी बघायची. तुझं, दाजींचं आणि मुलांचं नाव अजून गावच्या कार्डात सासूबाईंकडे आहे ना? गेवराईकडच्या त्या कार्डावर धान्य येतं, हे तूच मला दिवाळीत सांगितलं होतंस. मग तुला आज काहीच नवीन काढायची गरज नाही! त्या कार्डाचा बारा अंकी नंबर मागवून घे. ऑनलाइन नंबर तोच, जुन्या कार्डावर छापलेला नंबर चालत नाही. तो नंबर किंवा तुझं आधार घेऊन पिंपरीतल्या कुठल्याही रेशन दुकानात जा, मशीनवर अंगठा लाव, तुमच्या वाट्याचं धान्य तिथेच मिळेल. "एक देश एक रेशन कार्ड" म्हणतात ती हीच सोय. २०१९ च्या ऑगस्टमध्ये ती दोन राज्यांच्या जोड्यांत सुरू झाली, त्यातली एक जोडी महाराष्ट्र आणि गुजरातची होती. आता सगळ्या देशात आहे. आपल्याच राज्यात एका जिल्ह्याचं कार्ड दुसऱ्या जिल्ह्यात चालणं तर अगदी रोजचं झालं आहे. एखादा दुकानदार म्हणेल, "तुमचं कार्ड इथलं नाही." त्याला शांतपणे सांग, पोर्टेबिलिटीने द्या. कार्ड बदलून आणा असं म्हणायचा त्याला अधिकार नाही.

अडचण यात यंत्राची कमी, घरातली जास्त. एका कार्डावर आठ माणसं असली तर आठांचा कोटा एकत्र दिसतो. गावाकडे कुणी पहिल्याच आठवड्यात अंगठा लावून सगळं उचललं, की तुझ्यासाठी त्या महिन्याला काही उरत नाही. यात चोरी नाही, नियमच तसा आहे, कार्डावरचा कुणीही सदस्य उचलू शकतो. तेव्हा जाऊबाईंशी तूच सरळ बोल. आमच्या चौघांचं २० किलो मी इथे घेणार, बाकीचं तुम्ही तिकडे घ्या, एवढंच. थोडं थोडं करून दोन ठिकाणी उचलायला परवानगी आहे. मला माहीत आहे, हे बोलणं तुला अर्ज भरण्यापेक्षा अवघड जाईल. इतकी वर्षं तुमच्या नावचं धान्य तिकडे गेलं आणि तू कधी शब्द काढला नाहीस. पण आज दाजी घरी बसून आहेत, हे त्यांनाही कळतंच. मामंजींच्या कानावर आधी घाल, ते समजून घेतील.

मग अंगठा. याचं थोडं सविस्तर सांगते, कारण इथेच पुष्कळ जणी अडकतात. आमच्या सासूबाईंचा जन्म शेतात गेला. बोटांवरच्या रेषा अशा झिजल्या आहेत की मशीनला त्या दिसतच नाहीत. दुकानदार भला आहे. काच फडक्याने पुसतो, म्हणतो, "आजी, बोट केसांना चोळा जरा." तेलकट बोट कधी लागतं, कधी नाही. मग तर्जनी, मग मधलं, मग दुसरा हात. मागे रांगेतली माणसं चुळबुळ करतात आणि म्हातारी ओशाळून हात पदरात घेते. ते बघवत नाही. पण अंगठा लागला नाही म्हणून धान्य नाकारता येत नाही. आधार नसल्यामुळे किंवा ठसा न जुळल्यामुळे कुणाला परत पाठवू नका, अशा सूचना केंद्राने २०१७ मध्येच राज्यांना दिल्या आहेत. ठसा जुळत नसेल तर आधारला जोडलेल्या मोबाइलवर ओटीपी मागवता येतो, आणि अगदी थकलेल्या किंवा अपंग माणसासाठी दुसरं कुणी नॉमिनी म्हणून नोंदवता येतं. दाजींना जिना उतरता येत नाही, त्यांनी दुकानात यायची गरजच नाही, तू सदस्य आहेस, तुझा अंगठा पुरतो.

फक्त ई-केवायसी, म्हणजे आधारवरून ओळख पटवणं, मात्र प्रत्येकाची वेगळी करावी लागते. ती झाली नसेल तर नाव यादीतून निघू शकतं. रेशन दुकानातल्या त्याच मशीनवर होते, पिंपरीतही होते, त्यासाठी गावाला जायला नको आणि पैसे लागत नाहीत. कुणी पन्नास-शंभर मागितले तर देऊ नकोस. दाजींसाठी मोबाइलवर चेहरा दाखवून करायची सोय आहे, ती घरातच होईल. धाकटीचं आधार ती तान्ही असताना काढलंय ना? पाच वर्षांच्या आतल्या मुलांचे ठसे घेत नाहीत, पाच झाल्यावर आणि पुन्हा पंधराव्या वर्षी द्यावे लागतात. ते राहिले असतील तर आधी आधार केंद्रात जाऊन ये, नाहीतर मशीन तिला ओळखणारच नाही आणि तिचे ५ किलो अडकतील. "मेरा राशन" ॲपवर कुणाची केवायसी झाली, कुणाची राहिली, ते दिसतं. थोरल्याला दाखव, तो दोन मिनिटांत काढून देईल.

पुढे कधीतरी तुला स्वतःचं कार्ड काढावंसं वाटेल आणि ते काढावंच. कायद्यात आहे, घरातली अठरा वर्षांवरची सगळ्यांत मोठी बाई कुटुंबप्रमुख. म्हणजे त्या कार्डावर पहिलं नाव तुझं. पण घाईने गावच्या कार्डातून नावं कमी करून बसू नकोस. नावं तिथून निघाली की तिथलं धान्य थांबतं, आणि नवीन कार्डावर ते चालू व्हायला पुन्हा इष्टांकात जागा लागते. मधले महिने कोरडे जातील. आधी परिमंडळ कार्यालयात, म्हणजे शहरातल्या रेशनच्या कार्यालयात, विचार, कार्ड विभक्त करून धान्य लगेच चालू राहील का, आणि मगच अर्ज दे.

कागद लागतील ते असे: सगळ्यांची आधार कार्डं, पासबुक, तुझा फोटो, रहिवासाचा पुरावा आणि उत्पन्नाचा दाखला. भाड्याच्या खोलीचा प्रश्न येतोच. करारनामा नसेल तर मालकाचं वीजबिल आणि त्यांचं संमतीपत्र चालतं का ते विचार. मालक घाबरतात, त्यांना वाटतं कार्ड निघालं की खोलीवर हक्क लागेल. तसं काही होत नाही, हे त्यांना तूच सांग. उत्पन्नाचा दाखला सेतूतून अर्ज करून तहसीलदारांकडून मिळतो. प्राधान्य कुटुंबासाठी शहरात वर्षाला ५९,००० आणि गावात ४४,००० रुपये अशी मर्यादा घातली गेली. शहरात म्हणजे महिन्याला पाच हजारही नाहीत. त्यात पिंपरीत खोलीभाडं द्यायचं की खायचं? ही मर्यादा ज्यांनी घातली त्यांनी एकदा महिना काढून दाखवावा, असं मला फार वाटतं. दाजी कामावर होते त्या वर्षाच्या कमाईवर तू यात बसणार नाहीस, पण आता चालू असलेल्या वर्षाची गोष्ट वेगळी आहे. खोटं लिहू नकोस. जे आहे ते लिही, दवाखान्याचे कागद जोड आणि टेम्पो बंद असल्याचं अर्जात मांड.

आणि अर्ज दिला की पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडू नकोस. आमच्याकडे एका कार्यालयात "ठेवून जा, बघतो" म्हणून अर्ज घेतात, आणि पुढच्या वेळी गेलं की "कुठला अर्ज?" पोच असली की हे बोलायची सोय राहत नाही. महाराष्ट्रात २०१५ पासून लोकसेवा हक्क कायदा आहे, अर्जाला पोच आणि ठरलेल्या मुदतीत उत्तर मिळायलाच हवं, नाहीतर वरच्या अधिकाऱ्याकडे अपील करता येतं. नाकारलं तर कारण लेखी माग. एजंटच्या नादी लागू नकोस. बाहेर उभे असतात, दोन-तीन हजारांत "धान्यासकट" करून देतो म्हणतात. इष्टांकातली जागा काही त्यांच्या खिशात नसते.

दुकानात पावती मागून घ्यायची. मशीनमधून निघते, त्यावर किती किलो ते छापलेलं असतं. पावतीवर २० आणि पिशवीत १८ असेल तर तिथल्या तिथे बोल. गहू-तांदळाचं प्रमाण महिन्यागणिक बदलतं, त्यावरून भांडू नकोस, वजन मात्र सोडू नकोस. दुकानदार ऐकत नसेल तर १९६७ वर फोन कर, कार्ड नंबर आणि तारीख सांग. त्यावर काही झालं नाही तर जिल्हा तक्रार निवारण अधिकारी आहेत, त्यांच्यावर राज्य अन्न आयोग आहे. हक्काचं धान्य दिलंच नाही तर त्याबदली अन्न सुरक्षा भत्ता द्यावा, असंही कायद्यात आहे. फार कुणाला माहीत नसतं. तू मागशील तेव्हा खिडकीवरचा माणूस एकदा मान वर करून बघेल.

आता सोमवारी मामंजींना फोन करून बारा अंकी नंबर घे आणि मला व्हॉट्सॲपवर पाठव. मी इथून बघून सांगते, कुणाकुणाचं नाव चालू आहे आणि केवायसी कुणाची राहिली. दुकानात पहिल्यांदा जाशील तेव्हा मोबाइल चालू ठेव, अडलं तर तिथूनच लाव, मी दुकानदाराशी बोलेन.

दाजींना सांग, पाय जपा, घराची काळजी करू नका. थोरल्याचा दहावीचा अभ्यास कसा चालला आहे? धाकटीला पापा. परकराचं माप पाठव म्हणाली होतीस, ते पुढच्या वेळी नक्की.

तुझीच,
मंगल