पैसे मिटले, पण केस मिटत नाही

संपादक साहेब, नमस्कार.

आमच्या घरात जे झालं त्यावरून लिहितोय. माझ्या थोरल्या भावाचं त्याच्या पार्टनरशी हिशोबावरून फाटलं, प्रकरण पोलीस स्टेशनला गेलं आणि भावावर आयपीसीची (जुन्या भारतीय दंड संहितेची) कलमं ४२० (फसवणूक), ४०६ (विश्वासघात) आणि वर बनावट कागदपत्रांची ४६७, ४६८, ४७१ पण लागली. वर्षभराने नातेवाइकांनी दोघांना समोरासमोर बसवलं, तडजोड झाली, भावाने ठरलेली सगळी रक्कम दिली आणि पार्टनरने स्टॅम्प पेपरवर लिहून दिलं की माझी काही तक्रार नाही, केस मागे घेतो. नोटरी पण केली. आम्हाला वाटलं सुटलो. भाऊ तारखांना जायचा बंद झाला आणि काही महिन्यांनी पोलीस नॉन-बेलेबल वॉरंट घेऊन दारात उभे! आईचा त्या दिवशीचा चेहरा अजून डोळ्यासमोरून जात नाही.

एफआयआर झाली की केस सरकार विरुद्ध आरोपी अशी असते, फिर्यादीने मनात आणलं तरी तो ती नुसत्या कागदावर मागे घेऊ शकत नाही. ही साधी गोष्ट तडजोडीला बसलेल्यांपैकी एकालाही माहीत नव्हती.

नंतर वकिलांनी सांगितलं की ४२० आणि ४०६ कोर्टाच्या परवानगीने खालच्याच कोर्टात मिटवता येतात, आधी सीआरपीसीचं, म्हणजे खटला कसा चालवायचा त्या कायद्याचं, कलम ३२० होतं, १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी आलेल्या बीएनएसएसचं ३५९ आहे, आणि तसं मिटलं तर आरोपी निर्दोष सुटतो. चेक बाउन्सची केस पण मिटवता येते. पण बनावट कागदपत्रांची कलमं, म्हणजे ४६७, ४६८, ४७१, मिटवता येणाऱ्या गुन्ह्यांच्या यादीतच नाहीत, मग खटला रद्द करून घ्यायला हायकोर्टात जायचं, त्यासाठी सीआरपीसीचं पूर्वीचं कलम ४८२, आता बीएनएसएसचं ५२८. सुप्रीम कोर्टाने ग्यान सिंग केसमध्ये २०१२ लाच सांगितलंय की दोन माणसांमधला पैशाचा, धंद्याचा वाद खरंच मिटला असेल तर हायकोर्ट असा खटला रद्द करू शकतं. खून, बलात्कार, दरोडा यांना ही सवलत नाही, बँकेला किंवा ठेवीदारांना लुटणाऱ्यांना पण कोर्ट असं सहजी सोडत नाही आणि ते बरोबरच आहे, तिथे एकाचे पैसे परत दिले म्हणून बाकीच्यांचं नुकसान भरून येत नाही.

पण जिथे दोनच माणसं आहेत, पैसे पोचलेत, फिर्यादी स्वतः हजर राहून सांगतोय, तिथे पुन्हा हायकोर्टाची फी, फेऱ्या, वाट बघणं कशाला? अशा केसेसमध्ये हा अधिकार खालच्या कोर्टाला द्या. काही जण म्हणतील की मग पैसेवाले दबाव टाकून सुटतील. ती भीती खोटी नाही, म्हणूनच जजनी फिर्यादीला एकट्याला विचारावं, रक्कम खरंच खात्यात आली का ते बघावं आणि मगच ऑर्डर द्यावी. आत्ता दोघंही अडकतात, फिर्यादीला पण साक्षीचं समन्स येतंच की.

आणि ज्यांची तडजोड आत्ता चालू आहे त्यांनी पैसे देताना फिर्यादीचं ॲफिडेव्हिट आणि कोर्टात हजर राहायची तारीख एकदमच ठरवून घ्या, नंतर माणूस फोन उचलत नाही. ऑर्डर हातात येईपर्यंत तारखा चुकवू नका. तुम्ही एखाद्या वकिलाकडून हे सगळं साध्या मराठीत लिहून घेऊन छापलंत तर बरं होईल, आमच्या घरी तेव्हा असं काही वाचनात आलं असतं तर भाऊ तारखेला गेला असता.

आपला एक वाचक