पक्यास पत्र : रुळावरची बाई आणि बार्नीची गाडी

प्रिय पक्या,

परवा झोप येईना म्हणून १९१३चा एक मूकपट लावला आणि तुझी आठवण आली. ‘बार्नी ओल्डफील्ड्स रेस फॉर अ लाइफ’. छोटासाच आहे. खलनायक नायिकेला, म्हणजे मेबल नॉर्मंडला, रेल्वेच्या रुळाला साखळीने बांधतो आणि वर स्वतःच इंजिन पळवून तिच्या अंगावर घालायला निघतो! तिला वाचवायला खराखुरा रेसर बार्नी ओल्डफील्ड, शेजारी तिचा बावळट प्रियकर बसवून, गाडी हाणतो. गोष्ट म्हणशील तर पोरखेळ. पण गाडी खरी, आगगाडीचं इंजिन खरं. मी सोफ्यावर पाय आखडून बसलो होतो.

बार्नी मूळचा सायकल शर्यतींतला गडी. १९०२मध्ये हेन्री फोर्डच्या ‘९९९’ नावाच्या रेसिंग गाडीवर बसला, तेव्हा मोटार चालवायचा अनुभव जवळजवळ शून्य. आणि गाडी कसली? बॉनेट नाही, वळणावर दोन चाकं वेगवेगळ्या गतीने फिरू देणारं डिफरेन्शियल नाही, स्टिअरिंगच्या जागी दोन्ही हातांनी धरायचा आडवा दांडा. राजदूत मोटरसायकलच्या हँडलने ट्रक वळवायचा, असं समज. इंजिन जवळपास १९ लिटरचं! त्यावर त्याने अलेक्झांडर विंटनसारख्या नामी मोटार कारखानदाराला हरवलं, पाच मैल साडेपाच मिनिटांच्या आत. पुढच्याच वर्षी मैलभराचा गोल ट्रॅक एका मिनिटात मारला. तोंडात सिगार असायची ती नुसती ऐट नव्हे. हादऱ्यांनी दातावर दात आपटू नयेत म्हणून चावून धरायचा.

एक गोष्ट मात्र मला खटकते. ऑक्टोबर १९१०मध्ये ब्रुकलिनला त्याने जॅक जॉन्सनशी शर्यत लावली. जॉन्सन म्हणजे हेवीवेट मुष्टियुद्धाचा पहिला कृष्णवर्णीय जगज्जेता. जुलैतच त्याने माजी जगज्जेत्या जेफ्रीजला लोळवलं होतं. कॅमेरे तयारच होते, फिल्म विकायचीच होती. बार्नी आरामात जिंकला. जिंकणारच! जॉन्सनला गाड्यांचं वेड होतं, पण रेसिंग हा काही त्याचा धंदा नव्हता. बार्नीला ग्लोव्ह्ज घालून रिंगमध्ये उतर म्हटलं असतं, तर उतरला असता का? वर मोटार शर्यतींच्या संघटनेने या शर्यतीपायी बार्नीलाच निलंबित केलं, त्यामुळे त्या विजयाचा त्यालाही फार उपयोग झाला नाही.

तरी मूकपट बघच. रविवारी ये, कांदाभजी करायला सांगतो. गाडी आगगाडीच्या बरोबरीने धावते तो तुकडा मी तीनदा मागे नेऊन बघितला. बार्नी गिअर कधी टाकतो, ते तुझ्यासारख्या मेकॅनिकलाच दिसेल. मला नाही कळलं.

तुझा,
दिन्या