इष्टुर फाकड्याचा फोटो हवा आहे

ती. आई-बाबांना,
सा. न. वि. वि.

परवा फोनवर आईने विचारलं, "रात्री एक-एक वाजेपर्यंत जागून तू करतोस तरी काय?" मी म्हणालो, "इष्टुर फाकडा." त्यावर पलीकडे जी शांतता पसरली, तिच्यावरून कळलं की हे फोनवर सांगायचं काम नाही. शिवाय बाबांना हल्ली ऐकू कमी येतं आणि ते कबूल करत नाहीत. तेव्हा लिहिलेलं बरं.

बाबा, मी चौथीत होतो. तुम्ही मला सायकलच्या दांडीवर बसवून तळेगावहून वडगावला नेलंत आणि इष्टुर फाकड्याची समाधी दाखवलीत. "हा इंग्रजांचा कप्तान. झाडावर चढून दुर्बिणीतून आपली फौज बघत होता. पानशांच्या तोफखान्यातून गोळा आला आणि खेळ खलास." मी विचारलं, शत्रू होता तर मग समाधी कशाला? तुम्ही म्हणालात, "अरे, फाकडा होता ना!" आणि मला उसाचा रस पाजलात. रसाने तेव्हा समाधान झालं. उत्तराने अजून झालेलं नाही.

दिवाळीत सहज ऑनलाइन ज्ञानकोशात त्याचं नाव शोधलं. चार ओळी होत्या. त्यातल्या दोन झाडाबद्दल, आणि प्रत्येक ओळीच्या शेपटाला 'संदर्भ हवा' अशी चिठ्ठी. हा ज्ञानकोश कुणीही सुधारू शकतं, तेव्हा वाटलं, एका संध्याकाळचं काम आहे. तीन महिने झाले.

आधी आईसाठी थोडक्यात सांगतो, बाबांना हे पाठ आहे. राघोबादादांना पुण्यात सत्तेवर बसवायला मुंबईकर इंग्रजांची फौज १७७८च्या नोव्हेंबरात निघाली. कॅप्टन जेम्स स्टुअर्ट, म्हणजे आपला फाकडा, आघाडीला होता. त्याने शिपायांच्या पलटणी घेऊन बोरघाट ताब्यात घेतला. मागून मुख्य फौज आली, हजारो बैल घेऊन. हुकूम द्यायला एक सेनापती असावा, तर इथे कमिटी: कर्नल एगर्टन, जॉन कारनॅक आणि थॉमस मॉस्टिन. आपल्या सोसायटीची कमिटी पाण्याची टाकी कशी साफ करते ते आई जाणतेच, तिने बाकीचं ओळखावं. ४ जानेवारी १७७९ला कार्ल्याजवळ तोफेच्या गोळ्याने स्टुअर्ट गेला. फौज तळेगावला पोचली ९ तारखेला. मळवली ते तळेगाव लोकलने अर्धा तास, यांना पाच दिवस! आणि पोचून बघतात तर मराठ्यांनी गाव जाळून ठेवलेलं, दाणा नाही, वैरण नाही. ११ तारखेच्या रात्री जड तोफा तळ्यात ढकलून माघार सुरू झाली (कुठल्या तळ्यात, हे तुमचं आणि अण्णाकाकांचं भांडण मी सोडवणार नाही). वडगावला महादजी शिंद्यांनी आणि पुणेकरांच्या फौजेने कोंडी केली आणि तिथेच तह झाला.

म्हणजे आपला फाकडा या सगळ्या फजितीआधीच गेलेला. त्याच्या वाट्याला फक्त चढाई आली.

आता माझी फजिती ऐका. पहिल्याच आठवड्यात मी मोठ्या उत्साहाने लिहिलं, की तहानंतर स्टुअर्टला मराठ्यांकडे ओलीस ठेवण्यात आलं. तसं वाचलं होतं, डोळ्यांनी. दुसऱ्या दिवशी एका अनोळखी संपादकाने चर्चापानावर एकच वाक्य टाकलं: "४ जानेवारीला वारलेला माणूस १७ जानेवारीला ओलीस कसा राहील?" मी पुन्हा पुस्तक उघडलं. ओलीस राहिले ते फार्मर आणि लेफ्टनंट चार्ल्स स्टुअर्ट. हा दुसराच! एकाच मोहिमेत दोन स्टुअर्ट, आणि मी मेलेल्याला उठवून कैदेत बसवलं. बाबा, तुम्ही पोस्टात असताना एका गल्लीतल्या दोन डी. व्ही. कुलकर्ण्यांची पत्रं चुकीच्या घरी गेली, तेव्हा तुम्ही दोन दिवस जेवला नव्हता. मला ते आता समजलं. लेखात मी आता पहिल्याच ओळीखाली टीप टाकली आहे, की चार्ल्स स्टुअर्ट वेगळा.

त्यानंतर मी शिस्तीने कामाला लागलो. कुणीतरी जन्मतारीख भरून ठेवली होती, ती कुठून आली ते कुणालाच सांगता येईना. काढली. रिकामी चौकट दिसायला वाईट दिसते, पण राहू दे. 'शूर सेनानी' असं मीच लिहिलं होतं, तेही त्या संपादकाने काढायला लावलं. तो म्हणाला, शूर हे तुमचं मत झालं, 'फाकडा' हे लोकांनी दिलेलं नाव, ते राहू द्या. माणूस खडूस आहे, पण मला तो आवडायला लागलाय.

आणि नावाचीच गंमत सगळ्यात मोठी निघाली. 'स्टुअर्ट'चा 'इष्टुर' कसा झाला हे शोधायला कुठे जावं लागलं नाही. आई, आजी 'इस्टेशन' म्हणायची, 'इस्कूल' म्हणायची, तसंच. शब्दाच्या तोंडाशी 'स्ट' किंवा 'स्क' आला की आपली जीभ आधी 'इ'ची पायरी ठेवते आणि मग चढते. 'फाकडा' मात्र उगाच मिळत नसे. मानाजी शिंदे फाकडा, कोन्हेरराव एकबोटे फाकडा, ही आपली माणसं. त्यांच्या पंक्तीला मावळ्यांनी या गोऱ्याला बसवलं.

याला पुरावा काय, हा प्रश्न होताच. बाबांनी सांगितलं, हा ज्ञानकोशात पुरावा होत नाही. (रागावू नका. माझ्या दृष्टीने होतो.) पण ग्रँट डफ सापडला. साताऱ्याचा रेसिडेंट होता तो. त्याचा मराठ्यांचा इतिहास १८२६ साली लंडनला तीन खंडांत छापला गेला, म्हणजे कार्ल्यानंतर सत्तेचाळीस वर्षांनी. त्यात त्याने नमूद केलंय, की या मुलखात लोक अजून स्टुअर्टला 'इष्टुर फाकडा' म्हणून आठवतात. मी ते वाचून खुर्चीतून उठलो. म्हणजे बघा, ग्रँट डफलाही हे कुठल्या कागदात मिळालं नसणार, कुणीतरी तोंडीच सांगितलं असणार. एखाद्या म्हाताऱ्याने, ज्याने ती फौज घाटातून वर येताना पाहिली असेल. त्या म्हाताऱ्याचं बोलणं साहेबाने लिहिलं म्हणून तळटीप झाली. तुमचं कुणी लिहिलं नाही म्हणून ती 'ऐकीव माहिती'.

अर्थात ग्रँट डफवर डोळे मिटून विसंबायचं नाही, हे आपल्याकडे नीळकंठ जनार्दन कीर्तन्यांनी दीडशे वर्षांपूर्वीच दाखवून दिलंय. म्हणून पेशवे दप्तरातून छापलेले खंडही चाळतो आहे. पंचेचाळीस आहेत! आणि ते निवडून छापणारे रियासतकार सरदेसाई राहिले कुठे, तर कामशेतला. कार्ल्याहून वडगावला यायच्या बरोबर वाटेत. त्या रस्त्याने आपण किती वेळा गेलो, बाबा, तुम्ही हे कधी बोलला नाहीत.

एक गोष्ट मात्र मनातून जात नाही. त्याच फौजेत कॅप्टन जेम्स हार्टले होता. माघारीत पिछाडी त्याने सांभाळली, नाहीतर वडगावलाही कुणी पोचतं ना. तो जगला, मेजर जनरल झाला, १७९९ साली वारला. इंग्रजांच्या थोरांच्या चरित्रकोशात त्याची नोंद आहे. स्टुअर्टची नाही. आणि वडगावात जाऊन विचारा हार्टले कोण, कुणी सांगेल का? मला हे लेखात लिहायचं होतं, पण तो माझा विचार झाला, त्याला संदर्भ नाही. म्हणून तुम्हाला लिहितो.

झाडाचं काय केलं, हे तुम्ही विचाराल. काढलं नाही. 'मृत्यू' या भागातून उचलून 'लोकस्मृती' असा वेगळा भाग केला आणि तिथे लावलं: स्थानिक आख्यायिकेनुसार, वगैरे. 'मृत्यू'मध्ये फक्त तोफेचा गोळा आणि तारीख. तुम्हाला हे झाड तोडल्यासारखं वाटेल, पण दुसरीकडे नेऊन लावलंय म्हणा.

आता मूळ कामाचं. लेखात एकही फोटो नाही. इंटरनेटवर आहेत, पण दुसऱ्याने काढलेला उचलून टाकता येत नाही. तुम्ही काढलात तर तुम्ही परवानगी देऊ शकता, आणि फोटोखाली तुमचं नाव येईल. बाबांनी सांगितलेलं तिथे चालत नाही, बाबांनी काढलेला फोटो चालतो!

तर एखाद्या सकाळी, ऊन तिरपं असताना, रिक्षाने वडगावला जा. स्कूटर नको, आई, चावी लपव. आवारात जायच्या आधी परवानगी विचारा. एक फोटो समोरून, एक बाजूने, एक जरा लांबून. दगडावर काही कोरलेलं असेल तर जवळून घ्या आणि कागदावर जसंच्या तसं उतरवून पाठवा. अक्षर तुटलं असेल तर तुटलेलंच लिहा, मनाने भरू नका. अक्षरं उठून दिसावीत म्हणून खडू फासायचा नाही, पाणी ओतून घासायचं नाही. समाधीवर फुलं असतील तर तीही फोटोत येऊ द्या, बाजूला सारू नका.

आणि चढायचं कशावरही नाही, बाबा. चांगला फोटो मिळेल म्हणून कट्ट्यावर उभे राहाल, मी ओळखतो तुम्हाला. गुडघ्याच्या गोळ्या जेवणानंतर घेता ना? आईने डिंकाचे लाडू पाठवू नयेत असं म्हणवत नाही.

तुमचा,
धाकटा