मूकपट पळवू नका

संपादक महाशय,

हरवलेल्या तान्ह्या बाळाला कुत्रा शोधून काढतो, तो ब्रिटिश चित्रपट निर्माते सेसिल हेपवर्थ यांचा 'रेस्क्यूड बाय रोव्हर' (१९०५) अनेकदा भरधाव पळवून दाखवला जातो. फार वाईट वाटते. प्रती काढून काढून निगेटिव्ह झिजली म्हणून दोनदा पुन्हा चित्रित करावा लागलेला हा मूकपट!

लांबी सुमारे ४२५ फूट, ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी (फ्रेम). मूकपटांच्या काळातल्या सेकंदाला १६ चौकटींच्या वेगाने तो सात मिनिटे चालतो, आजच्या २४ने पावणेपाच मिनिटांतच आटोपतो. नदी पोहून आलेला रोव्हर अंग झटकतो, ते नीट दिसतही नाही.

२४च्या डिजिटल प्रतीत दर दुसरी चौकट दोनदा घ्यावी. कॅमेरा हाताने फिरवलेला असे, तेव्हा माणसांची चाल बघून वेग थोडा कमीजास्त करावा.

– एक चित्रपटप्रेमी, पुणे