मला कच्चं लिंबू करू नका

प्रति,
प्रमुख, ग्राहक तक्रार विभाग

विषय: नेहमीच्या सामन्यांत न सांगता बॉट (संगणक चालवतो ते खेळाडू) उतरवणे आणि सरावाच्या बॉट मोडची झालेली मोडतोड

महोदय/महोदया,

तुमचा पाच विरुद्ध पाच खेळाडूंचा शूटर गेम मी दोन वर्षांपासून खेळते. याआधी तुमच्या मदत केंद्राला दोनदा लिहिलं. दोन्ही वेळा एकच ठरावीक मजकूर आला आणि माझ्या प्रश्नाचं उत्तर त्यात नव्हतं. म्हणून हे सविस्तर पत्र.

मी हा गेम घेतला तो बॉटसाठी. लोक असे गेम माणसांशी खेळायला घेतात, हे मला माहीत आहे. पण माझ्या उजव्या मनगटाची शस्त्रक्रिया झाली आहे आणि माउस पूर्वीसारखा झटकन फिरत नाही. मला माझ्या गतीने शिकता येईल, मध्येच थांबता येईल, हरले तर कुणी माइकवर शिव्या घालणार नाही, असा गेम हवा होता. तुमच्या बॉट मोडमध्ये तेव्हा सोप्यापासून अवघडापर्यंत सहा पायऱ्या होत्या, इंटरनेटशिवाय खेळता येत होतं, आणि मॅच पॉज करता येत होती. या तीन गोष्टी वाचून मी पैसे भरले.

तो मोड खरोखरच उत्तम होता, हे आधी सांगते. दुसऱ्या पायरीपासून सुरुवात केली. गोदामाच्या मॅपवर एकच दरवाजा धरून उभं राहायचं, पावलांचा आवाज ऐकायचा, स्मोक, म्हणजे आडोशाचा धूर, टाकल्याशिवाय मोकळी जागा ओलांडायची नाही, हे मी तुमच्या बॉटकडून शिकले. तिसऱ्या पायरीवरचा बॉट नेम चुकवायचा, पण मागून आवाज आला की वळायचा. चौथ्यावर तो जोडीदाराची वाट बघून मग आत शिरायला लागला. प्रत्येक पायरीला काहीतरी नवं यायचं. सात महिन्यांत मी पाचव्या पायरीवर बरोबरीत खेळायला लागले. मग धीर करून नेहमीच्या ऑनलाइन सामन्यांत उतरले.

अकरा दिवसांत सव्वीस मॅच खेळले, त्यातल्या एकवीस जिंकले. त्या दिवसांतला माझा आनंद मी लपवत नाही. मनगट बरं होणार नाही असं मनाने धरून बसलेल्या बाईला आपण अजून खेळू शकतो असं वाटलं. मी दादाला फोन केला. लहानपणी शूटर गेम मला त्यानेच शिकवले होते. तो म्हणाला, "रिप्ले पाठव, बघतो." रिप्ले म्हणजे झालेल्या मॅचचं रेकॉर्डिंग. दहा मिनिटांनी त्याचा फोन आला. त्याने एवढंच विचारलं, "यातला माणूस कोणता आहे?"

मग मीही रिप्ले समोरच्या बाजूने पाहिले. समोरच्या पाचांपैकी चार जण प्रत्येक राउंडला त्याच कोपऱ्यावरून, भिंतीला तेवढंच अंतर ठेवून वळत होते. शिडीवर कुणी आहे का, हे एकानेही एकदाही मान वर करून पाहिलं नाही. बंदूक रिकामी झाली की उघड्यावरच उभं राहून मॅगझिन बदलत होते. क्रॉसहेअर, म्हणजे नेमाची खूण, माझ्या छातीवर यायचा तो एका सरळ रेषेत, आणि आल्यावर जरासुद्धा हलायचा नाही. चौघांचंही पिंग, म्हणजे सर्व्हरशी संपर्काला लागणारा वेळ, मॅचभर एकाच आकड्यावर; माणसाचं ते थोडंफार खालीवर होतं. पण नावं अगदी माणसांसारखी, प्रोफाइलला चित्रं, आणि मॅच संपल्यावर चॅटमध्ये "छान खेळलात". ते वाक्य मला चार वेगवेगळ्या मॅचमध्ये, चार वेगवेगळ्या नावांनी आलं होतं. सव्वीसपैकी एकोणीस रिप्लेंमध्ये हाच प्रकार दिसला.

मुलांच्या खेळात एखाद्या लहानग्याला कच्चं लिंबू म्हणून घेतात. तो आउट झाला तरी आउट धरत नाहीत. सगळ्यांना ते ठाऊक असतं, फक्त त्याला नसतं. तुम्ही मला तसं खेळवलंत. फरक इतकाच की ती मुलं प्रेमाने करतात आणि पैसे घेत नाहीत.

बॉट घालणं चूक आहे, असं माझं म्हणणं नाही. मध्यरात्री मॅचपुरते खेळाडू जमत नाहीत, नवे लोक जुन्यांसमोर पहिल्या मिनिटाला मरतात आणि गेम सोडून देतात, ही अडचण खरी आहे. मोठमोठ्या गेमनी यावर बॉटचाच उपाय केला. फोर्टनाइटने 2019 मध्ये सामन्यांत बॉट आणले ते आधी जाहीर करून. पबजीने 2020 मध्ये कन्सोल आणि पीसीवर बॉट आणले, तेव्हा ते का आणि कसे येणार हे खेळाडूंना सांगितलं होतं. लोकांनी नाराजी व्यक्त केली, पण निदान कशाबद्दल नाराज व्हायचं ते त्यांना माहीत होतं. तुमच्या अपडेटच्या टिपणात मात्र "मॅच लवकर मिळण्यासाठी सुधारणा" एवढी एकच ओळ आहे. बॉट हा शब्दही नाही.

बॉट माणसासारखा वाटावा म्हणून खटपट करणं हीसुद्धा वाईट गोष्ट नाही. त्यासाठी बॉटप्राइझ नावाची स्पर्धाच भरत असे, अनरिअल टूर्नामेंट 2004 या गेमवर. माणसं आणि बॉट एकाच मॅचमध्ये उतरायचे आणि कोण कोण आहे हे परीक्षक खेळता खेळता ठरवायचे. 2012 मध्ये दोन बॉटना निम्म्याहून जास्त वेळा माणूस ठरवलं गेलं. त्यातला मिररबॉट समोरच्याच्या हालचालींची नक्कल करायचा. दुसरा, टेक्सास विद्यापीठातला, माणसांच्या खेळाच्या नोंदी वापरायचा. मला त्या कामाबद्दल आदर आहे. पण तिथे प्रत्येक परीक्षकाला ठाऊक होतं की समोर बॉट असू शकतो, आणि ते ओळखायलाच तो बसला होता. मला कुणी विचारलं नाही.

या लपवाछपवीचं नुकसान नुसतं मनाला लागण्यापुरतं नाही. त्या एकवीस विजयांनी माझी रँक चढली. आता मॅचमेकिंग, म्हणजे खेळाडूंची गाठ घालून देणारी तुमची यंत्रणा, मला अशा लोकांसमोर उभं करतं ज्यांनी ती रँक माणसांशी लढून मिळवली आहे. गेल्या तीन आठवड्यांत मी जेमतेम दोन मॅच जिंकल्या. आणि माझ्या संघातल्या इतर चौघांना वाटतं की ही बाई त्यांच्या तोडीची आहे. त्यांचाही खेळ माझ्यामुळे बिघडतो. एका मुलाने माइकवर विचारलं, "ताई, तुम्ही या रँकला आलात कशा?" त्याचा सूर वाईट नव्हता. मला उत्तर देता आलं नाही. माझ्या खात्यावर दिसणारे किल, नेमाची टक्केवारी, सगळ्यात खोटे आणि खरे आकडे मिसळलेले आहेत आणि ते वेगळे करायची सोय माझ्याकडे नाही.

आता दुसरी बाब. ती मला जास्त सलते, कारण तिथे तुम्ही चांगली चीज मोडून ठेवली आहे. त्याच अपडेटनंतर सरावाच्या बॉट मोडमध्ये सहा पायऱ्यांच्या तीन झाल्या: सोपी, मध्यम, अवघड. सोप्यात बॉट जागचा हलत नाही. मध्यमात हलतो, पण मला बघितल्यावर अर्धा सेकंद नुसता उभा राहतो. अवघडात त्याचं आयुष्य वाढतं, त्याची गोळी जास्त लागते, आणि त्याला स्मोकमधून दिसतं. हे शेवटचं मी तपासलं. स्मोकच्या मधोमध बसून, आवाज न करता, आठ वेळा. आठपैकी सात वेळा गोळी सरळ डोक्यात आली.

बॉट स्क्रीनकडे बघत नाही, हे तुमच्या अभियंत्यांना मी सांगायला नको. कोण कुठे उभं आहे हे गेमच त्याला सांगतो. म्हणून बॉट अचूक करणं सोपं असतं आणि माणसासारखा चुकणारा करणं अवघड. दिसल्यावर गोळी झाडायला माणसाला साधारण 200 ते 250 मिलिसेकंद लागतात. सेकंदाला साठ फ्रेम, म्हणजे साठ चित्रं, दाखवणाऱ्या गेममध्ये हे बारा ते पंधरा फ्रेम होतात. अवघड पायरीवरचा तुमचा बॉट मी रिप्ले एकेक फ्रेम पुढे सरकवून मोजला. मी कोपऱ्यातून बाहेर आल्यापासून त्याची पहिली गोळी सुटेपर्यंत तीन फ्रेम. दहा वेळा मोजलं. एकदाही चारच्या वर गेला नाही. याच्याशी खेळून कुणाचाही हात सुधारत नाही. एवढंच समजतं की कोपऱ्यातून बाहेर यायचं नाही.

हे पंचवीस वर्षांपूर्वी लोकांना जमलेलं आहे. 1999 च्या अनरिअल टूर्नामेंटमध्ये बॉटच्या आठ पायऱ्या होत्या. ते बॉट लिहिणाऱ्या स्टीव्ह पोल्ज यांनी त्याआधी क्वेक या शूटर गेमसाठी हौसेने रीपर बॉट बनवला होता. त्याच वर्षीच्या क्वेक थ्री अरेनामध्ये पाच पायऱ्या होत्या. 2000 च्या परफेक्ट डार्कमध्ये तर पायरी वेगळी आणि स्वभाव वेगळा: एक बॉट फक्त मुठीने लढायचा, एक आपल्याला शेवटी मारणाऱ्याच्याच मागे लागायचा, एक हत्यारं गोळा करत फिरायचा म्हणजे इतरांना लढताच येऊ नये. दादा आणि मी अशा बॉटना नावं ठेवून, त्यांच्या खोड्या ओळखून खेळायचो. आम्हाला ते बॉट आहेत हे माहीत होतं आणि त्याने मजा कणभरही कमी झाली नाही. बॉट लपवला नाही तर खेळाडू पळून जाईल, अशी भीती तुमच्या कुणाच्या मनात असेल, तर ती काढून टाका.

आणखी दोन किरकोळ गोष्टी. माझ्या बाजूचे बॉट अरुंद दारात येऊन थांबतात आणि मला आत-बाहेर करू देत नाहीत. पूर्वी धक्का दिला की बाजूला व्हायचे. आणि झेंड्याच्या मोडमध्ये ते झेंडा सोडून किलच्या मागे धावतात. बॉटविरुद्ध खेळून बक्षिसाचे गुण कमी मिळतात याबद्दल मात्र माझी तक्रार नाही. ते योग्यच आहे, नाहीतर लोक रात्रभर बॉट मारून गुण जमवतील.

सगळ्यात जाचक बदल म्हणजे बॉट मोडला आता सर्व्हरची जोडणी लागते. माझ्याच संगणकावर, मी एकटी, नऊ बॉटबरोबर खेळते. यात तुमचा सर्व्हर कशाला? जोडणी तुटली की मॅच जाते. पॉज नाही. दर वीस मिनिटांनी मनगटाला विश्रांती द्या, असं मला डॉक्टरांनी सांगितलं आहे. पूर्वी मी मॅच थांबवून हात शेकायचे आणि परत येऊन तिथूनच पुढे खेळायचे. आता उठले की "निष्क्रिय खेळाडू" म्हणून गेम मला बाहेर काढतो. दोनदा तर चोवीस तासांची बंदी लागली. बॉटना सोडून गेल्याबद्दल.

माझी मागणी अशी. स्कोअरबोर्डवर आणि कुणी कुणाला मारलं ते दाखवणाऱ्या ओळीत बॉटच्या नावापुढे बॉट अशी खूण दिसू द्या. मॅच शोधताना "बॉट चालतील" आणि "फक्त माणसं, वेळ लागला तरी चालेल" असे दोन पर्याय द्या. मी दहा मिनिटं आनंदाने थांबेन. माझ्या आणि माझ्यासारख्या सगळ्यांच्या खात्यावर बॉटविरुद्धच्या मॅच वेगळ्या दाखवा आणि रँक त्या वगळून नव्याने मोजा. ती खाली येईल, येऊ द्या. सरावाच्या मोडमध्ये सहा पायऱ्या परत आणा. ते लगेच शक्य नसेल तर निदान बॉटचा प्रतिसादाचा वेळ, नेम आणि ऐकू येण्याचं अंतर खेळाडूला स्वतः कमी-जास्त करता येऊ द्या, आणि कुठल्याही पायरीवर त्याला स्मोकमधून दिसता कामा नये. ऑफलाइन खेळ आणि पॉज परत द्या. ज्या वैशिष्ट्यांवर विसंबून मी गेम घेतला ती नंतर काढून घेतली असतील, तर ती परत करा किंवा माझे पैसे परत करा.

एकोणीस मॅचचे क्रमांक, रिप्ले आणि फ्रेम मोजलेला तक्ता सोबत जोडला आहे. बंदी लागल्याच्या दोन सूचनाही आहेत. तपासणाऱ्या माणसाला काही विचारायचं असेल तर माझ्या खात्याशी जोडलेल्या पत्त्यावर लिहावं, मी त्याच दिवशी उत्तर देईन. ठरावीक मजकूर मात्र तिसऱ्यांदा पाठवू नये. हे पत्र माणसाने वाचावं आणि उत्तर माणसाने लिहावं, एवढी विनंती.

तुमचं उत्तर येईपर्यंत मी ऑनलाइन मॅच खेळणार नाही. गोदामाच्या मॅपवर मध्यम पायरी लावून सराव चालू ठेवते आहे.

कळावे,

आपली एक ग्राहक

सोबत: रिप्ले (19), फ्रेम मोजणीचा तक्ता, बंदीच्या सूचना (2), आधीच्या दोन तक्रारी व त्यांची उत्तरं