आयईपीवर सही कुठे करायची तेवढंच सांगतात

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

दहावीची परीक्षा जवळ आली की दरवर्षी पेपरात दिव्यांग मुलांच्या सवलतींबद्दल येतं, लेखनिक, तासाला 20 मिनिटं जादा, कॅल्क्युलेटर वगैरे. येऊ दे, यायलाच हवं. पण सवलत दहावीला आणि त्याआधीची दहा वर्षं पोर वर्गात बसून काय शिकलं त्याचा कागद कोणीच मागत नाही. तो कागद असतो हो, त्याला आयईपी म्हणतात, म्हणजे त्या एका मुलापुरता बनवलेला शिक्षणाचा प्लॅन. त्यावर लिहितेय. लांबलंय जरा, कापलंत तरी चालेल पण मधलं कापू नका.

माझी मुलगी दहा वर्षांची, ऑटिझम आहे (स्वमग्नता म्हणतात मराठीत, पण आम्ही आया आपसात ऑटिझमच म्हणतो). कोपरखैरणेला राहतो, साध्याच शाळेत चौथीत आहे. ठाणे, दिघा गाव, ऐरोली, रबाळे, घणसोली, सगळी स्टेशनं ती लोकलमधल्या अनाउन्समेंटच्या आवाजात ओळीने म्हणते, एकही चुकत नाही. पण भूक लागली का विचारलं की ती पण म्हणते "भूक लागली का". ज्यांच्या घरी आहे त्यांना कळेल मी काय म्हणतेय.

दुसरीत असताना शाळेतून फोन आला, मॅडम आयईपी तयार आहे, येऊन सही करून जा. गेले. ऑफिसच्या काउंटरवर चार पानं सरकवली, जिथे सही करायची तिथे आधीच पेन्सिलने फुली. मी आपली उभ्या उभ्या पानं उलटली तर तिसऱ्या पानावर लिहिलेलं "त्याला मूलभूत रंग ओळखता येतील". त्याला? माझी मुलगी आहे. आणि रंगांचं म्हणाल तर अडीच वर्षांची असल्यापासून तिला येतात, माझ्या साड्यांमधला आकाशी कुठला आणि मोरपंखी कुठला ते सांगते. दुसऱ्या कुठल्या तरी मुलाचा प्लॅन, वरचं नाव बदललं आणि आतलं बदलायचं राहिलं, दुसरं काय. बाकीची उद्दिष्टं म्हणजे "एकाग्रता वाढेल", "वाचन सुधारेल". आज किती आहे, किती वाढेल, कधीपर्यंत, कोण घेणार, काही नाही. तिथल्या बाईंना विचारलं तर म्हणाल्या, अहो इन्स्पेक्शनला फाइलमध्ये लागतं ते.

आणि मी सही केली. हे मुद्दाम सांगतेय. खाली रिक्षा थांबवलेली होती आणि डोक्यात एकच, शाळा बिथरली तर हिला कुठे घालू.

नंतर एकदा नणंदेशी व्हिडिओ कॉलवर बोलता बोलता हे निघालं. ती न्यू जर्सीला असते, तिच्या मुलाचा पण आयईपी आहे, तर ती हसायलाच लागली, म्हणाली वहिनी, आमच्याकडे हे असं केलं तर शाळेला वकिलाची नोटीस जाईल. मग तिने सगळं समजावलं. तिथे 1975 सालापासून कायदा आहे, सरकारी शाळेतल्या प्रत्येक पात्र मुलाला लेखी प्लॅन द्यावाच लागतो. आधी तपासणी, ती सुद्धा पालकांनी लेखी हो म्हटल्यावर, आणि संमती दिल्यापासून 60 दिवसांत पूर्ण व्हायला हवी (राज्याने स्वतःची वेगळी मुदत ठेवली असेल तर ती). मग मीटिंग. वर्गाच्या बाई, स्पेशल टीचर, शाळेतर्फे सोयी मंजूर करू शकेल असा माणूस, तपासणीचा रिपोर्ट उलगडून सांगणारं कोणीतरी, आणि आईबाप. आईबाप पाहुणे म्हणून नाही, कायद्यानेच टीमचे मेंबर. कागदावर पहिलं काय तर मूल आज कुठे आहे. मग वर्षभरात कुठे पोचणार, तेही मोजता येईल असं. मग कोण काय देणार, म्हणजे स्पीच थेरपी द्यायची तर आठवड्यातून किती वेळा आणि किती मिनिटं, हे सगळं लिहिलेलं. वर्षातून एकदा तरी पुन्हा बसायचं, तीन वर्षांनी पुन्हा तपासणी.

तिथे तरी सगळं छान आहे असं समजू नका. तिथल्या केंद्र सरकारने ह्या मुलांच्या शिक्षणाच्या जादा खर्चातला 40 टक्के वाटा उचलायचं असं तेव्हा ठरलं होतं, तो आजवर कधी पूर्ण उचललेला नाही. आणि कॉपी-पेस्ट तिथेही चालतं. कोलोरॅडोमधल्या एका ऑटिझमवाल्या मुलाच्या प्लॅनमध्ये वर्षानुवर्षं बरीचशी तीच ती उद्दिष्टं पुढे ढकलत होते, आईवडील थेट सुप्रीम कोर्टापर्यंत गेले आणि 2017 मध्ये कोर्टाने एकमताने सांगितलं की नावापुरती प्रगती चालणार नाही, त्या मुलाची परिस्थिती बघून त्याला साजेशी प्रगती होईल असा प्लॅन हवा. हे ऐकलं आणि मला ती पेन्सिलची फुली आठवली.

आता आपल्याकडे. 2016 चा दिव्यांग हक्क कायदा आहे, 21 प्रकारचं दिव्यांगत्व त्यात आलं, ऑटिझम आणि लर्निंग डिसॅबिलिटी पण. त्याच्या कलम 16 मध्ये गरजेप्रमाणे मुलागणिक वेगळी मदत द्या असं आहे, प्रत्येक दिव्यांग विद्यार्थ्याच्या प्रगतीवर लक्ष ठेवा असंही आहे. पण हे करायचं कसं, मीटिंग कोणाची, किती दिवसांत, पालकांना कॉपी द्यायची की नाही, ह्यातलं काही कलमात नाही. मग शाळा आपल्या सोयीने फाइल भरते. साधनं नाहीत असंही नाही. बौद्धिक दिव्यांगांसाठीच्या सिकंदराबादच्या राष्ट्रीय संस्थेची एफएसीपी नावाची चेकलिस्ट, म्हणजे मुलाला आज काय येतं काय नाही ते बघून प्लॅन बनवायची यादी, कित्येक वर्षांपासून आहे, स्पेशल शाळांतल्या बाईंना ती तोंडपाठ असते, त्याच संस्थेचं रिजनल सेंटर आपल्या खारघरला आहे. साध्या शाळांमध्ये मात्र नाव काढलं तर म्हणतात ते काय असतं.

टीचर लोकांना मी दोष देत नाहीये. सुप्रीम कोर्टाच्या 2021 च्या निकालात प्राथमिकला अशा 10 मुलांमागे एक स्पेशल टीचर आणि वरच्या वर्गांना 15 मागे एक असं प्रमाण आहे. आमच्या शाळेत अख्ख्या बिल्डिंगला मिळून एक, आणि ती पण आठवड्यातून दोन दिवस. ती बिचारी फोटोकॉपी नाही करणार तर काय करणार.

पण ह्याच शाळेत ह्या वर्षी जूनमध्ये नवीन बाई आल्या आणि वेळ तेवढाच, दिवस तेवढेच, तरी वेगळं झालं. त्यांनी मला लायब्ररीत बसवलं, चांगला पाऊण तास, आणि पहिला प्रश्न काय तर हिला आवडतं काय. मी म्हटलं लोकल. त्यांनी ते लिहून घेतलं! दोन वर्षं जी गोष्ट "वर्गात असंबद्ध बोलते" म्हणून डायरीत यायची ती ह्या बाईंनी "जमेची बाजू" ह्या रकान्यात लिहिली. हिला "आधी" आणि "नंतर" कळत नव्हतं, 10 प्रश्नांत 2 बरोबर. बाईंनी स्टेशनांची कार्डं केली, घणसोलीच्या नंतर काय, रबाळेच्या आधी काय. लिहिलं असं की दिवाळीपर्यंत 10 पैकी 8, वर्गाच्या बाई रोज सकाळी पाच मिनिटं घेणार, घरी आई घेणार. मी कालनिर्णयच्या मागच्या बाजूला रोज खुणा केल्या. ऑगस्टमध्ये 4 वर होती, ऑक्टोबरमध्ये 9. मग स्टेशनं काढून टाइमटेबल आणलं, मराठीच्या आधी काय, डब्याच्या नंतर काय, ते पण जमतंय.

दुसरं उद्दिष्ट होतं की पाणी हवं असेल तर तोंडाने मागेल. ते फसलं. पूर्ण फसलं, चार महिन्यांत एकदाही नाही. आधीची पद्धत असती तर पुढच्या वर्षी तेच वाक्य पुन्हा टाइप झालं असतं. दिवाळीनंतर बसलो तेव्हा बाई म्हणाल्या, आपलं चुकलं, आधी कार्ड दाखवून मागू दे, बोलायचं नंतर बघू. पाण्याच्या ग्लासचं चित्र कंपासपेटीत ठेवलं, तिसऱ्या दिवशी हिने ते काढून वर्गाच्या बाईंच्या टेबलावर ठेवलं. माझ्या मते आयईपीतला खरा जीव ह्यातच आहे, जमलेलं टिक करण्यात नाही, न जमलेलं बघून बदलण्यात.

ठाणे आणि नवी मुंबई दोन्ही महापालिकांच्या शिक्षण विभागांनी एक साधं पत्रक काढावं, आपल्या आणि खासगी, सगळ्या शाळांना. प्लॅनची कॉपी पालकांना मराठीत मिळावी, वर्षातून दोनदा तरी समोरासमोर बसावं आणि पुढची तारीख त्या कागदावरच लिहिलेली असावी. ह्याला बजेट लागत नाही. टीचर वाढवायचं भांडण वेगळं, ते चालूच राहील. आणि पालकांनो, मी केलं तसं काउंटरवर उभं राहून सही करू नका, घरी घेऊन जाते म्हणा, दोन दिवसांनी काही बिघडत नाही.

ती जुनी चार पानं मी अजून ठेवली आहेत. ज्या मुलाला रंग ओळखायला शिकवायचं होतं तो आता कुठल्या वर्गात असेल कोण जाणे, त्याच्या आईने कोणाच्या प्लॅनवर सही केली तेही.

आपली,
एक आई, कोपरखैरणे
(नाव छापू नये ही विनंती, मुलगी अजून त्याच शाळेत आहे)