चावीवाले काका, तुमचे आभार

चावीवाले काका, सप्रेम नमस्कार.

तोंडावर आभार मानायला गेले की तुम्ही हात झटकून चालू लागता, म्हणून हे पत्र. आणि तुम्ही मला जो सातारा दाखवलात तो माझ्यापाशीच राहू नये, म्हणून ते उघड लिहिते आहे.

आमच्या वाड्याची मागची भिंत उतरवताना भाजक्या मातीचा एक नळ निघाला. एक तोंड रुंद, दुसरं निमुळतं, एकात एक बसेल असं. मी तो घेऊन एका कार्यालयात गेले, तर "जुनं खापर आहे, टाकून द्या" असं सांगितलं. परत आले तेव्हा तुम्ही कोपऱ्यावर चावी फिरवून गल्लीच्या नळांना पाणी सोडत होतात. लांब चावी भिंतीला टेकवून तुम्ही नळ हातात घेतलात, आतून बोट फिरवलंत आणि म्हणालात, "ताई, हा खापरी नळ. यातनं यवतेश्वराचं पाणी येत होतं. टाकू नका."

त्या एका वाक्यासाठीच मी तुमची ऋणी आहे. पण तुम्ही तेवढ्यावर थांबला नाहीत. सुट्टीचे चार रविवार माझ्यासाठी मोडलेत.

शाळेत आम्ही साताऱ्याचा इतिहास सनावळीत शिकलो. डिसेंबर 1699 मध्ये औरंगजेबानं अजिंक्यतारा किल्ल्याला वेढा घातला, प्रयागजी प्रभूंनी तो लढवला, एप्रिल 1700 मध्ये मंगळाईच्या बुरुजाखालचे सुरुंग उडाले आणि तट खालच्या मोगली फौजेवरच कोसळला. 12 जानेवारी 1708 ला शाहू महाराजांचा राज्याभिषेक झाला. सगळं पाठ होतं. पण गडाच्या पायथ्याला एवढं मोठं शहर वसलं ते पीत काय होतं, हा प्रश्न मला कधी पडलाच नव्हता. तुम्ही मला यवतेश्वराच्या घाटात उभं केलंत आणि हातानं रेघ ओढून दाखवलंत: दक्षिणेला अजिंक्यतारा, पश्चिमेला हा डोंगर, आणि मधली जमीन पूर्वेला कृष्णा-वेण्णेकडं उतरत जाणारी. "पाण्याला उतार बरोबर कळतो. माणसानं फक्त वाट करून द्यायची," असं तुम्ही म्हणालात. विजेचा पंप नसताना डोंगरातलं पाणी खापरी नळांतून वाड्यांच्या हौदात कसं पोचलं, ते त्या दिवशी मला डोळ्यांनी दिसलं. नळात हवा कोंडली की पाणी तुंबतं, म्हणून वाटेत उसासे, म्हणजे ती हवा बाहेर सोडणारे उंच मनोरे, बांधायचे, हेही तिथंच समजावलंत. पुण्याच्या कात्रजच्या नळाचे उसासे मी लहानपणापासून पाहत आले होते. ते कशासाठी असतात ते आत्ता कळलं.

पुढचा रविवार कासचा. लोक पठारावर फुलं पाहायला जातात, तुम्ही मला जांभा दगड पाहायला नेलंत. जांभा सच्छिद्र, पाऊस आत मुरवून घेतो, खालचा काळा कातळ पाण्याला अडवतो, आणि दोन्ही जिथं भेटतात तिथं झरा फुटतो. पावसाळा संपल्यावरही डोंगर पाणी देतो तो यामुळं. त्याच भागातून उरमोडी निघते, आणि कास तलावाचं पाणी आजही उतारानंच शहरात येतं. तुमचा हात तेव्हा बांधाच्या दगडावर होता. तुम्हाला त्या तलावाबद्दल काय वाटतं, ते त्यावरून समजलं.

लिंबची बारा मोटांची विहीर मी आधी पाहिली होती, फोटो काढण्यापुरती. वीरूबाई भोसल्यांनी ती बांधली तो काळ 1719 ते 1724, म्हणजे शाहूनगर, आजचं सातारा शहर, नुकतं आकार घेत होतं. खोली 110 फूट. विहिरीच्या पोटात महाल आहे आणि वर मोटा ओढायच्या जागा. दोर घासून दगडावर काही खूण उरली आहे का, ते शोधायला तुम्ही मला अर्धा तास बसवलंत. कंटाळा आला नाही, हे मनापासून सांगते.

पण सगळ्यात जास्त मनात राहिला तो शेवटचा रविवार. राजवाड्याजवळ, प्रतापसिंह हायस्कूलसमोर तुम्ही थांबलात. 7 नोव्हेंबर 1900 ला भिवा रामजी आंबेडकर या नावानं एका मुलाचं नाव या शाळेत दाखल झालं, हे मला माहीत होतं. पुढची गोष्ट तुम्ही हळू आवाजात सांगितलीत. 1901 साली तो मुलगा घरातल्या मुलांबरोबर साताऱ्याहून वडिलांना भेटायला निघाला. वडील दुष्काळी कामावर, तलावाच्या खोदाईवर रोखपाल होते. मसूर स्टेशनावर उतरून मुलांनी बैलगाडी केली. जवळ खाणं भरपूर होतं, पण रात्रभर त्यांना कुणी प्यायला पाणी दिलं नाही, आणि पाण्यावाचून घास उतरेना म्हणून ती उपाशीच झोपली. बाबासाहेबांनी हे स्वतः लिहून ठेवलं आहे.

तुम्ही म्हणालात, "बाप तलाव खणून घेतोय, आणि पोरांना घोटभर पाणी नाही. नळाचा इतिहास लिहाल तर हे पण लिहा." नंतर आपण पोवई नाक्यापर्यंत चालत आलो, बोललो नाही.

काका, मी लिहायला घेतलं आहे. पहिलं पान पाण्याचं आहे, आणि ती बैलगाडी त्यात आहे. नळ धुऊन देवघराशेजारच्या कोनाड्यात ठेवला आहे. आई त्यावर रोज फडकं फिरवते आणि आल्यागेल्याला तुमचं नाव सांगते.

महादऱ्याचा तलाव तेवढा राहिला. पाऊस उघडला की एखाद्या रविवारी जाऊ. काकूंनाही घेऊन या, डबा मी आणते.

तुमची,
वाड्यातली ताई